झोहराची राखण

झोहरा वाक्निनला वाचता येत होतं, पण एकेक अक्षर लावून. शाळेत ती तीनच वर्षं गेली, मग धाकटी भावंडं सांभाळली. म्हणूनच आपल्याला हे काम मिळालं, असं ती तोऱ्यात सांगायची. "शिकलेली माणसं नावाची पहिली दोन अक्षरं वाचतात आणि उरलेलं मनानेच भरतात. मी शेवटच्या अक्षरापर्यंत जाते."

काम राखणीचं. ज्यांना मूल होत नाही त्यांची बीजं दवाखान्याच्या प्रयोगशाळेत एकत्र करतात. तिथे एकाची नळी दुसऱ्याच्या बशीत जाऊ नये म्हणून रब्बींनी, म्हणजे ज्यू धर्मगुरूंनी, नेमलेली एक बाई डोळ्यांत तेल घालून बसते. ती नसेल तर धर्म पाळणारी जोडपी पुढे पाऊल टाकत नाहीत. इस्रायलमधल्या तिबेरिया गावच्या दवाखान्यात झोहरा अकरा वर्षं बसत होती आणि तिला विचारल्याशिवाय मोठमोठे डॉक्टर बशा ठेवायच्या उबदार कपाटाला हात लावत नाहीत, हे तिने गावातल्या प्रत्येक लग्नात ऐकवलं होतं.

त्या मंगळवारी हैफाची राखणदारीण जिन्यावरून पडली, म्हणून पहाटेच्या बसने झोहराला तिकडे पाठवलं.

प्रयोगशाळेत राना नावाची नाझरेथची मुलगी होती. हात हलका, तोंड तिखट.

"खाला, आधीच्या बाई विणकाम करायच्या. तुम्ही नुसत्या बघत बसणार?"

"विणायला मला घर आहे. नाव वाच."

"तेहिला वाक्निन. नवरा अवियाद."

झोहराने बशी जवळ धरायला लावली. अक्षरं लावली. मग पुन्हा पहिल्यापासून लावली.

अवियाद तिच्या थोरल्या मुलाचा मुलगा. तेहिला त्याची बायको, लग्नाला चार वर्षं झालेली. दर शुक्रवारी भरल्या टेबलावर झोहरा तिला विचारायची, "काय गं, माझं कुसकुस चार वर्षं खातेस, ते नुसतं अंगालाच लागतंय वाटतं?" सगळे हसायचे. तेहिलाही हसायची. घरापासून चार वळणांवर दवाखाना असताना ही पोरं सत्तर किलोमीटर का आली, हे झोहराला कुणी समजावून सांगायला नको होतं. तिच्या तोंडापासून लांब जायचं म्हणून आली होती.

"खाला, दुपारपर्यंत बीजं थांबतील, पुढे नाही. वाचून झालं का?"

"थांब. रब्बींना फोन करते."

तिने बाहेर येऊन रब्बी दहानना गाठलं. "समजा, एका राखणदारणीला बशीवर आपल्याच माणसांचं नाव दिसलं. तिने उठावं का? दुसरी बाई यायला दुपार टळेल."

"नातलग साक्षीला चालत नाही," रब्बी म्हणाले. "पण राखणीला त्याच्याइतकं जागं कोण राहील? बसू दे तिला. एकच अट. त्या बशीतलं तिला काही माहीत नाही. घरात नाही, बाजारात नाही, नवऱ्यापाशी नाही. ती माणसं आपणहून सांगेपर्यंत."

"आणि नाहीच सांगितलं तर?"

"मग कधीच नाही. चेहऱ्यानेसुद्धा नाही, झोहरा."

"मी माझं कुठे म्हटलं?"

"छे, कोण म्हणतंय. त्या बाईला एवढंही सांग, की माहीत असताना टोचून बोलणं मोठं पाप आहे. माहीत नव्हतं तेव्हाही ते पापच होतं."

रब्बी कितीदा तरी तिच्या टेबलावर जेवले होते.

झोहरा आत आली. मग नळी हलली की नाव, बशी सरकली की नाव, कपाटाचं दार उघडलं की नाव.

"खाला, तेच नाव आहे. पळून गेलेलं नाही."

"वाच."

शेवटी कपाटाला चिकटपट्टी लागली आणि तिच्यावर झोहराने आपली वाकडी सही केली. मग पोरं बाहेर भेटतील या धास्तीने ती साडेचारपर्यंत झाडू-बादल्यांच्या खोलीत उलट्या बादलीवर बसून राहिली. सोबत आणलेला पाव आणि उकडलेलं अंडं तिने तिथेच खाल्लं. अकरा वर्षांत इतका अपमान तिचा झाला नव्हता, आणि तो केला कुणी हेही तिला नीट ठाऊक होतं.

शुक्रवारी संध्याकाळी सगळे जमले. कुसकुसचं जड पातेलं आणायला तेहिला उठली, तशी झोहराने ते तिच्या हातून ओढून घेतलं. "बस खाली. सांडशील."

चार वर्षं ते पातेलं या नातसुनेनेच उचललं होतं. तेहिला बसली, पण बघत राहिली.

"काय गं तेहिला," झोहराची मुलगी सुझी म्हणाली, "काही बातमी?"

सगळ्यांनी झोहराकडे पाहिलं. इथून पुढचं वाक्य तिचं असायचं.

"सुझी, तुझ्या मुलाला गणितात किती पडले?"

"ते कशाला मध्ये, आई?"

"नको ना? मग मासा घे."

झोहराच्या नवऱ्याने चमचा खाली ठेवला. "तुला बरं नाहीये का?"

जेवणानंतर स्वयंपाकघरात दोघीच उरलेलं झाकत होत्या.

"आजी," तेहिला म्हणाली, "माझी एक मैत्रीण हैफाच्या दवाखान्यात जाते. तिथल्या मुलीने तिला फोन केला, पाच बीजं धरली म्हणून. आणि म्हणाली, त्या दिवशी राखणीला एक म्हातारी होती, तिने एकच नाव अठरा वेळा वाचायला लावलं."

पाच. झोहराने आधीच झाकलेल्या वाडग्यावर आणखी एक ताटली ठेवली. "वेडी असेल. शाळा शिकलेली नसणार."

"मैत्रिणीला रविवारी परत जायचंय. रविवारी तीच बाई असेल का?"

माणसं आपणहून सांगेपर्यंत, असं रब्बी म्हणाले होते. मैत्रिणीचं म्हणून सांगितलं तर काय, हे विचारायचं राहूनच गेलं होतं.

"का? तुझ्या मैत्रिणीला ती नकोय?"

"आधी नको होती," तेहिला म्हणाली. "आता हवीय."

झोहराने तिच्याकडे पाठ केली आणि ओट्यावरचा कण न् कण फडक्याने गोळा केला.

"जिन्यावरून पडलेलं माणूस दोन आठवडे तरी उठत नाही," ती म्हणाली. "असं ऐकलंय मी."