बूट काढायची खोली

स्टीलच्या डब्याचं झाकण आसावरीच्या हातातून निसटलं आणि तोफेच्या रिकाम्या, गोल खड्ड्यात काँक्रीटवर गरगरत राहिलं. ते थांबल्यावर खालचा समुद्र तेवढा ऐकू येऊ लागला.

एवढा आवाज होऊनही वरदाने विचारलं नाही, आई, काय पाडलंस?

"वरू, पराठा खायला ये."

कोणी आलं नाही. तटावर परीक्षित पाठमोरा उभा राहून जहाजांचे फोटो काढत होता.

"अरे, वरू तुझ्याकडे आहे ना?"

"नाही गं. तुझ्यापाशीच होती." तो वळला आणि कॅमेरा गळ्यात तसाच सोडून पळाला. "मी कड्याकडे बघतो. तू खाली जा."

गेल्या महिन्यात लंडनच्या ट्यूबमध्ये, भुयारी रेल्वेत, स्फोट झाले, तेव्हापासून परीक्षित लंडनच्या ऑफिसात पोहोचल्याचा फोन येईपर्यंत आसावरीच्या घशाखाली चहा उतरत नसे. एक दिवस तरी माणसं नसलेल्या जागी जाऊ या, असा हट्ट तिचाच. म्हणून मिल्टन कीन्सहून तीन तास गाडी हाकत ते या ओसाड तोफखान्यावर आले होते.

जिना उतरताना तिला मघाची पाटी दिसली. परीक्षितने ती लेकीला अथपासून इतिपर्यंत वाचून दाखवली होती. "कौन्सिलचा जावई आहेस का रे, सगळ्या पाट्या वाचायला?" असं ती हसून म्हणालीही होती. फ्रेंच जहाजं येतील म्हणून हा तोफखाना बांधला. दारूगोळ्याच्या कोठारात शिरण्याआधी शिपाई या खोलीत बूट काढत, कारण बुटांच्या खिळ्यांची एक ठिणगीही पुरली असती. खाली लाल अक्षरांत लिहिलं होतं, आतल्या खोलीत खोल पाणी आहे.

त्या खोलीच्या दारापाशी वरदाच्या लाल सँडल होत्या. शेजारी शेजारी, नीट लावून ठेवलेल्या, मोजे आत खोचलेले.

आसावरीने मोबाइल काढला आणि त्याच्या निळसर उजेडात आत शिरली. चार पावलं गेल्यावर तळव्यांना ओल लागली, तेव्हा तिला कळलं की आपणही चपला बाहेरच काढल्यात.

"वरू." तिने हाक मारली. भिंतींनी ती परत पाठवली. पुढे कुठेतरी पाणी थेंब थेंब ठिबकत होतं. ती एका हाताने भिंत चाचपत, पाऊल टाकण्याआधी जमीन चाचपत सरकत राहिली. बोटांना एक कोनाडा लागला. त्याच्याखाली, मांडी घालून, हात जोडून वरदा बसली होती. तिच्या पलीकडे दोन पायऱ्या आणि काळं पाणी.

आसावरीने तिला इतकं घट्ट ओढलं की पोर कळवळली.

"हाक ऐकू येत नव्हती तुला? का नाही बोललीस?"

"देवळात ओरडायचं नाही, तूच म्हणते ना," वरदा कुजबुजली. "मी शूज काढून आली. पण बाप्पा नाहीये."

"हे देऊळ नाही, राणी. इथे तोफांची दारू ठेवायचे." लेकीला कडेवर घेऊन आसावरी उजेडाकडे चालू लागली. वरून परीक्षितच्या हाका येत होत्या. तिने "सापडली" म्हणून ओरडून सांगितलं.

"आणि मग फ्रेंच लोक आले?"

"नाही. कोणीच नाही आलं."

"कधीच?"

"कधीच नाही. नव्वद वर्षं शिपाई वाट बघत बसले. मग तोफा काढून नेल्या आणि ते घरी गेले."

आईच्या गळ्यावर उडणाऱ्या शिरेवर वरदाने बोट ठेवलं.

"पण आई, आता कोणी येणार नाही, हे त्यांना कसं कळलं?"