दीड हात केबल आणि ताईची मुलाखत

मी केबल बोलतेय. फोनच्या खोक्यातून निघालेली, जेमतेम दीड हाताची.

या घरात काही बिघडलं की पहिलं नाव माझं. "वायरच भिकार!" हे बाबांचं ठरलेलं. मग मला उपटायचं, तोंडावर फुंकर मारायची, सदऱ्याला पुसायचं आणि परत खुपसायचं. तरी माणूस प्रेमळ हो! माझी गुंडाळी ते दुसऱ्या कुणाला करू देत नाहीत.

त्या दिवशी अकराला ताईची मुलाखत होती, मूकबधिर मुलांच्या शाळेतल्या नोकरीसाठी. खुणांची भाषा दोन्ही हातांनी दाखवायची, म्हणून कॉम्प्युटरचा कॅमेरा हवा. साडेदहाला घरचं इंटरनेट गेलं. नव्या कॉम्प्युटरला वाय-फाय नाही, म्हणजे ताईच्या फोनचं इंटरनेट माझ्यातूनच न्यायचं.

ताईने मला जोडलं, फोनवर टेदरिंग, म्हणजे फोनचं इंटरनेट दुसऱ्याला द्यायची सोय, सुरू केली. कॉम्प्युटर ढिम्म. पडद्यावर जोडलेल्या वस्तूंच्या यादीत फोनपुढे पिवळं उद्गारचिन्ह.

"वायर!" बाबा म्हणाले.

"वायर नाही हो बाबा, ड्रायव्हर," ताई म्हणाली. "फोन ओळखायचा प्रोग्रॅम. त्याशिवाय याला फोनची ओळखच पटत नाहीये."

ड्रायव्हर उतरवायला इंटरनेट हवं आणि इंटरनेटला ड्रायव्हर! आईने आपल्या फोनवरून ऑफिसातल्या मैत्रिणीला गाठलं. ती म्हणाली, "अगं, तो कॉम्प्युटरमध्येच असतो. नेटवर्कच्या यादीतून हाताने निवडा."

ताईने निवडला. उद्गारचिन्ह गेलं. तेवढ्यात बाबांनी मला उपटून फुंकर मारली! मी निघाले की फोनवरचं टेदरिंग आपोआप बंद होतं, हे त्यांच्या गावीही नव्हतं. परत जोडलं, परत काही नाही, परत फुंकर. ताईच्या डोळ्यांत पाणी आलं. चार मिनिटं उरली होती.

"अहो, तुम्ही काढता म्हणून बंद पडतंय!" आई ओरडली. "हात मागे घ्या आधी!"

बाबा गुपचूप बाजूच्या खुर्चीत बसले. ताईने टेदरिंग पुन्हा सुरू केलं आणि पडद्यावर शाळेतले तीन चेहरे उमटले. काय सुरेख हात चालले तिचे!

शेवटी मुख्याध्यापिका म्हणाल्या, "शाळा लांब आहे, इथेच राहावं लागेल. सोमवारी याल?"

ताईने बाबांकडे पाहिलं. बाबांचा हात माझ्याकडे आला. देवाशपथ सांगते, मी घाबरले. पण त्यांनी मला नुसतं धरून ठेवलं, सैल पडू नये म्हणून.

"हो म्हण," ते म्हणाले.

ताई गेल्याला दोन महिने झाले. बाबा रोज संध्याकाळी स्वतःचा फोन मला जोडून तिच्याशी कॉम्प्युटरवर बोलतात. घरचं इंटरनेट कधीच सुरू झालंय, तरी. बोलणं संपलं की मला लगेच काढत नाहीत, तसेच बसून राहतात.

ताई, पोरी, फोन ठेवायची एवढी घाई करू नकोस गं.