झाडलेली जागा

आमच्या जागेवर काही नाही, हे सरकारचं म्हणणं अगदी खरं आहे. दोर वळायचा तर जागा रिकामीच लागते. एका टोकाला मी चाक फिरवते, बाबा कमरेला काथ्या गुंडाळून उलट्या पावलांनी मागे मागे जातात आणि त्यांच्या हातून दोर लांबत जातो. दीडशे पावलं लांब, जेमतेम पाच पावलं रुंद अशी ही पट्टी. मधे एक खोली बांधली असती, तर धंदाच बसला असता. बाबा चाळीस वर्षं इथे उलटे चालताहेत. अख्खा रस्ता त्यांना ‘रिव्हर्स’ म्हणतो.

आता सरकारला इथे गाड्या उभ्या करायच्या आहेत. नोटीस आली, मी कोर्टात गेले. वकीलबाईंनी सरकारी मोजणीचे जुने पंचनामे मिळवले आणि माझ्यापुढे टाकले. चार वेगवेगळ्या सालांतले चार कागद, आणि चारही कागदांवर जागा मोकळी.

“तीस वर्षांहून जास्त ताबा दाखवायचाय,” त्या म्हणाल्या. “तोही मालकासारखा. आम्ही सरकारच्या मेहरबानीने इथे होतो, असं एकदा जरी तोंडातून निघालं तरी केस संपली. आणि इथे तर तुम्ही दिसतच नाही! या चार दिवशी होतात कुठे तुम्ही?”

घरी येऊन मी बाबांना तेच विचारलं.

“कुठे म्हणजे? इथेच,” बाबा म्हणाले. “मोजणीवाले येणार म्हणून चाक आत घेतलं, दोर टेकवायच्या घोड्या उचलल्या, जागा झाडली. त्यांची साखळी अडकायला नको. चहापण पाजला.”

“चारही वेळा?”

“चारही वेळा. एकाने तर जाताना कौतुक केलं.”

मी कपाळावर हात मारून घेतला. लोक रातोरात पत्रे ठोकून सरकारी जागा लाटतात आणि आमचे बाबा आपल्याच पायावर धोंडा मारून घ्यायच्या आधी तो धुऊन पुसून ठेवतात. संताप संताप झाला. पण बोलले नाही, कारण बोलले असते तर रडले असते. माझं काय, मी कुठेतरी दुकानात उभी राहीन. ही पट्टी गेली तर बाबांनी चालायचं कुठे?

कोर्टाने जागेच्या पाहणीसाठी एक अधिकारी नेमला. मी बाबांना सक्त ताकीद दिली, की यावेळी कशालाही हात लावायचा नाही. चाक, घोड्या, अर्धा वळलेला दोर, सगळं जागच्या जागी.

“आणि कचरा?”

“कचरासुद्धा!”

बाबांचा चेहरा पडला.

पाहणीच्या सकाळी बाहेर येऊन बघते तर पट्टी लख्ख. चाक आत, घोड्या भिंतीला आणि बाबांच्या हातात झाडू.

“राहवलं नाही गं,” ते म्हणाले.

मी काय काय बोलले ते इथे लिहीत नाही. बोलणं संपायच्या आत अधिकारी आणि वकीलबाई दारात हजर. सरकारचा वकीलही मागोमाग आला, पट्टीकडे बघून हसला आणि म्हणाला, “साहेब, लिहून घ्या. मोकळी.”

अधिकाऱ्यांना घाई नव्हती. जाड चष्म्याचे, सावकाश बोलणारे गृहस्थ. त्यांनी स्टुलावर बसून चारही पंचनामे पुन्हा वाचले, एकेका ओळीखाली बोट धरून.

“प्रत्येकात लिहिलंय, ‘जागा मोकळी व झाडलेली’,” ते म्हणाले. “कोणाच्याच ताब्यात नसलेली जागा झाडली कोणी?”

मी आणि वकीलबाईंनी ते शब्द दहादा वाचले होते आणि दहादा ओलांडून पुढे गेलो होतो.

“मीच,” बाबा म्हणाले.

“पण का?” सरकारचा वकील पुढे सरसावला. “सरकारची जागा, सरकारची माणसं येणार, म्हणूनच ना काका?”

वकीलबाईंनी माझा हात घट्ट दाबला. मधे बोलायची सोय नव्हती. बाबांनी जन्मात कुठल्या कोटवाल्याला ‘नाही’ म्हटलेलं नाही. समोरच्याला बरं वाटावं म्हणून ते काहीही कबूल करतील, हे माझ्याइतकं कोणाला ठाऊक!

बाबा जरा गोंधळले. मग, समजूत घालावी तशा मऊ आवाजात, वकिलाला म्हणाले, “तसं कसं साहेब? पाहुणे येणार म्हटल्यावर माणूस आपलं अंगण झाडतो. तुमचं असतं तर तुम्ही झाडलं असतं.”

अधिकाऱ्यांनी पेनाचं टोपण काढलं.

“पुन्हा एकदा सांगा,” ते म्हणाले. “सावकाश. मला शब्दाला शब्द लिहायचंय.”