आजीचा डोळा लागला

मुलांनो, डोळे मिटा आणि एक लांबोडकी पत्र्याची शेड मनात आणा. आत रिकाम्या बाटल्यांचा डोंगर. हिरव्या एकीकडे, पांढऱ्या एकीकडे, फुटक्या पिंपात. त्या डोंगरापुढे एक आजी बसली आहे, आणि आजीपुढे तीन पायांवर उभा एक कॅमेरा.

कॅमेऱ्यामागच्या ताईची सिनेमा काढण्याची तऱ्हा जगावेगळी होती. ज्यांच्याकडे कुणी ढुंकून बघत नाही अशी माणसं ती शोधायची. त्यांना प्रश्न विचारायची नाही. त्यांनी नुसतं भिंगात बघायचं, म्हणजे पुढे बघणाऱ्यांना त्यांच्या डोळ्यांत बघावंच लागेल. कॅमेरा सुरू असताना कुणी बोलायचं नाही की हलायचं नाही, हा तिचाच नियम. गटार उपसणारा बसून गेला, मढी उचलणारा बसून गेला. वर्षभर वणवण करून ताईचा जीव मेटाकुटीला आला होता. आता एवढी आजी उरली होती, आणि उद्या शेडला कुलूप लागणार होतं.

"मी काय करू?" आजीनं विचारलं.

"काहीच नाही. नुसतं बसा."

"अगं बये, ते कसं करतात तेच मला ठाऊक नाही!"

शेजारी बाटल्या निवडणारी नात फिसकन हसली. "आज्जे, तोंड मिटून बस. तेवढं तरी कर."

"तू मीट आधी, भोंगा कुठली!"

कॅमेरा सुरू झाला. नातीनंही काम थांबवलं. आजीनं भिंगात पाहिलं. सवयीनं हात बाटलीकडे गेला, परत मांडीवर आला. मग खांदे उतरले, मान कलली, आणि आजीचा डोळा लागला.

ताईनं कपाळाला हात लावला. हवे होते डोळे, आणि तेच मिटलेले! दारातलं ऊन सरकत होतं. शेवटी आपलाच नियम मोडून ती कुजबुजली, "उठव ना गं आजीला."

नातीनं नकारार्थी मान हलवली. "ताई, ती दिवसा कधीच झोपत नाही. बाटल्यांची खणखण थांबली की मुकादम येतो ना. आज तुम्हीच बसा म्हणालात."

थकवा ताईच्याही हाडांत मुरलेला होता. कॅमेरा बंद करायला पुढे केलेला हात तिनं मागे घेतला आणि ती तिथेच जमिनीवर बसली.

तेवढ्यात बाहेरून मुकादमाचा आवाज आला. "काय गं म्हातारे, हात का थांबले?"

आजीच्या पापण्या हलल्या.

नात पटकन आजीच्या कुशीशी सरकली. तिनं एक हिरवी बाटली उचलली आणि हिरव्यांवर ठेवली. खण. मग पांढरी. खण. अगदी आजीच्याच संथ चालीनं. त्या ओळखीच्या आवाजानं आजीची मान पुन्हा कलली, बाहेरची पावलं दूर गेली, आणि नात एकेक बाटली ठेवतच राहिली.