लाँड्रीतलं एक शांत मिनिट

देवानं माणसाला वाचा दिली ती बेतानंच. पण लाँड्रीवाल्या तिघी बहिणींना देताना त्याचा हात जरा सैल सुटला असावा. थोरली बोलायची, मधली बोलायची, धाकटी तर झोपेतही बोलायची. फक्त थोरली आणि मधली एकमेकींशी बोलत नसत. गिऱ्हाइकाच्या कोटावर इस्त्रीचा डाग कुणी पाडला, यावरून कित्येक वर्षांपूर्वी बिनसलं ते बिनसलंच. एकाच टेबलाच्या दोन टोकांना उभ्या राहून दोघी सगळा कारभार धाकटीच्या तोंडून चालवत.

"तिला सांग, खळ जास्त झालीय."

"तिला म्हणावं, त्या गिऱ्हाइकाला कॉलर कडकच लागते."

या तिघींवर त्यांची भाची माहितीपट करत होती. बाई एकटीच चित्रपट काढायची, एकटीच तो जोडायची आणि बॅगेत घालून गावोगाव दाखवत हिंडायची. तिची ओळख करून देताना आत्या अजूनही चाचरत. "ही ना, शूटिंग करते. लग्नाचं नाही हं, दुसरं." तिचा एक नेम होता आणि तो तिनं पूजेसारखा सांभाळला होता. घडेल ते टिपायचं. कुणाला अमुक कर, तमुक बोल म्हणायचं नाही. त्या नेमानंच आता पंचाईत केली होती. चित्रपट झाला होता, पण त्याला शेवट नव्हता. दोघी एकमेकींशी बोलल्या असत्या तर तोच शेवट. पण 'बोला' म्हणायची तिला बंदी! आणि चित्रपटाचं राहू द्या, तिला स्वतःलाच ते ऐकायचं होतं. लहानपणी या दोघींच्या गप्पा ऐकता ऐकताच तर तिचा डोळा लागायचा.

दुसऱ्या दिवशी दुकान नव्या जागेत हलणार होतं. काम उरलं होतं एकच. गप्प खोलीलाही स्वतःचा एक आवाज असतो. चित्रपट जोडताना दोन वाक्यांमधली फट त्या आवाजानं बुजवतात. तो टिपून घ्यायचा होता. भाचीनं कॅमेरा बंद करून शर्टांच्या चळतीवर ठेवला. आवाजाचं काम तेवढं तिच्या नवऱ्याकडे. त्यानं हेडफोन चढवले आणि सासरच्या मंडळींना गप्प बसवायचं संकट आल्यासारखा चेहरा केला.

"आत्या, एक मिनिट कुणी बोलायचं नाही."

"मनातसुद्धा नाही?" धाकटीनं विचारलं.

"मनातलं चालेल."

"माझं मनातलंही बाहेर ऐकू येतं हो, जावईबापू!"

शेवटी तिघी ओठ मिटून उभ्या राहिल्या. हँगर हलायचे थांबले. वाफेच्या इस्त्रीनं एक सुस्कारा टाकला आणि तीही गप्प झाली. आता देव कुणाच्या मुखानं बोलेल ते आपल्या हाती थोडंच असतं! त्या दिवशी त्यानं धाकटीचं पोट निवडलं. ते असं लांबलचक, आळवून आळवून गुरगुरलं की मधलीनं पदर तोंडात कोंबला. तरी फुस्स झालंच.

"हसतेस काय? गप्प बस की!" थोरली कडाडली. "जावईबापूंचा खोळंबा होतोय."

"तूच आधी हसलीस!"

"मी? मी देवासारखी उभी होते."

"तुझे खांदे हलत होते. मला काय दिसत नाही?"

"माझ्या खांद्यांकडे बघायला तुला सांगितलं कुणी?"

आणि दोघी एकदम थांबल्या. तेव्हा कुठे त्यांच्या ध्यानात आलं. थोरली टेबलाची कड धरून खाली बघत राहिली, आणि पुन्हा तिचे खांदे हलू लागले. मधली तर हसता हसता रडायलाच लागली. टेबलाला वळसा घालून ती आली आणि थोरलीच्या गळ्यातच पडली.

"अगं, कॅमेरा बंद होता ना?" थोरलीनं डोळे पुसत भाचीला विचारलं. "पुन्हा बोलून दाखवू? तू जा गं तिकडे, जागेवर उभी राहा."

भाचीला क्षणभर मोह झाला. मग तिनं हसून मान हलवली. "नको, आत्या. आवाज आलाय. पडदा काळा ठेवीन आणि लोकांना नुसतं ऐकवीन."

"आलाय म्हणजे? कानठळ्या बसल्या!" नवऱ्यानं हेडफोन उतरवले. "पण शांतता टिपायची राहिली ती राहिलीच."

"ती आता या दुकानात कुठली मिळायला!" भाची म्हणाली.

दोघी बहिणी तर केव्हाच सुरू झाल्या होत्या. नव्या जागेत टेबल खिडकीशी लावायचं की दाराशी, कुणाला गुडघा दुखतो, कुणाचा नातू कुणावर गेला. एकीचं वाक्य पुरं व्हायच्या आत दुसरी ते उचलत होती. भाचीनं हळूच कॅमेरा सुरू केला.

धाकटी मध्ये उभी राहून आलटून पालटून दोघींकडे बघत होती.

"अगं बायांनो," ती म्हणाली, "मला कुणी काही सांगायला सांगा ना!"