वाडगा राहू दे

सिमला मिरचीचा तुकडा राजम्याच्या दाण्याहून मोठा असता कामा नये, हा त्या घरातला कायदा होता आणि तो त्याने केलेला होता. उभं आयुष्य कारखान्यात लेथवर काढलेला माणूस; दुसरं काय करणार? हाताखालून गेलेला प्रत्येक दांडा मापात. म्हणून साहेबापासून झाडूवाल्यापर्यंत सगळे त्याला मिलीमीटर म्हणायचे. पुढे पुढे त्याची बायकोसुद्धा मिलीमीटर वहिनी झाली. तिला त्याचं काही वाटायचं नाही. हसून म्हणायची, "माप यांचं, चव माझी."

कारखान्यातली जुनी मंडळी अधूनमधून जमायची, बहुतेकदा फोरमनकडे, कारण त्याचा दिवाणखाना मोठा. प्रत्येक घरातून एकेक पदार्थ यायचा. मिलीमीटरच्या घरातून जायचं ते 'मुरलेलं'. आता त्याला डिप की काय म्हणतात, पण या मंडळींत तोच शब्द रुळला होता. उकडलेला राजमा, चवळी, मक्याचे दाणे, त्यात कच्ची सिमला मिरची, कांदा, घट्ट टोमॅटो, आणि या सगळ्यावर व्हिनेगर, तेल, साखर, मीठ नि मिरपूड यांचं एकत्र उकळून गार केलेलं पाणी. रात्रभर फ्रीजमध्ये मुरवायचं आणि दुसऱ्या दिवशी चिप्सवर उचलून खायचं. भाजी चिरणं त्याच्याकडे. तो खिडकीशी स्टुलावर बसायचा, ती शेगडीकडे तोंड करून ते आंबटगोड पाणी करायची. चिरून झालं की त्याची पाळी संपली. मग तो पेपर उघडायचा.

हे सगळं एका जाड काचेच्या वाडग्यात जायचं, आणि त्या वाडग्याचीही एक रीत होती. रिकामं भांडं त्याच दिवशी परत न्यायचं नाही. ते यजमानांकडे राहायचं. मग चार-आठ दिवसांनी यजमानीणबाई ते परत द्यायला यायच्या, आणि रिकामं कसं द्यायचं म्हणून त्यात काहीतरी घालून आणायच्या. चहा व्हायचा, चहावर तासभर गप्पा व्हायच्या, आणि त्या गप्पांत पुढच्या वेळी कधी जमायचं ते ठरायचं. पुरुष मंडळींना वाटायचं, बैठक आपण ठरवतो. कसलं काय! बैठका ठरवायची ती भांडी.

मग त्याची बायको गेली. लोक आले, बसले, गेले. पहिले काही दिवस फोन वाजत राहिला, मग वाजेनासा झाला. घर खायला उठतं म्हणतात ते त्याला आता कळलं. सगळ्यात वाईट वेळ दुपारची. जेवण झाल्यावर तो ताट धुऊन ठेवायचा आणि मग स्वयंपाकघरात नुसताच उभा राहायचा, कारण बाहेरच्या खोलीत जाऊन तरी काय करायचं हे सुचायचं नाही.

एक भीती मात्र त्याला स्पष्ट दिसत होती, आणि तिचं नाव होतं लंबू. लंबू शेजारच्या लेथवर असायचा. डबा एकत्र, शिव्या एकत्र. त्याची बायको आधी गेली. त्यानंतर तो फोरमनकडे एकदाच आला, हात हलवत, कारण सगळ्यांनी त्याला प्रेमाने बजावलं होतं, "तू काही आणू नकोस, नुसता ये." तो कोपऱ्यात बसला, जेवला, घरी गेला. परत द्यायला जावं असं त्याचं भांडंच कुणाकडे नव्हतं. पुढच्या वेळी कुणीच त्याला कळवलं नाही. फोरमनला वाटलं मिलीमीटर सांगेल, मिलीमीटरला वाटलं फोरमनने सांगितलं असेल. आणि त्याच्या पुढच्या वेळी तर तेवढंही कुणाला वाटलं नाही.

म्हणून एक दिवस फोरमनचा फोन आला आणि तो म्हणाला, "मिलीमीटर, शनिवारी जमतोय रे आपण. तू काही आणू नकोस, नुसता ये," तेव्हा याला कोपऱ्यात बसलेला लंबू आठवला.

"मुरलेलं आणतो," तो म्हणाला.

"अरे, कशाला त्रास घेतोस? खरंच नको."

"आणतो म्हटलं ना."

म्हटलं खरं. पण शुक्रवारी राजमा शिजवून, भाज्या चिरून तो शेगडीपुढे उभा राहिला तेव्हा लक्षात आलं, की इतक्या वर्षांत आपण हे पाणी होताना पाहिलेलंच नाही. आपण पाहिली ती तिची पाठ. कानाला मात्र सगळं पाठ होतं. व्हिनेगरची बाटली आधी गुडगुड करायची, मग साखरेच्या डब्याचं झाकण, मग पातेल्यात चमचा बराच वेळ किणकिणत राहायचा, आणि शेवटी ती बोट चाटून म्हणायची, "हं." त्या आवाजांच्या मागोमाग त्याने हात चालवला. अंदाजपंचे दाहोदरसे. शेवटी बोट चाटलं. जीभ चरचरली. हं म्हणावं की न म्हणावं हे ठरेना, आणि विचारायला घरात कुणी नव्हतं.

सकाळी झाकण काढून बघतो तर राजमा त्या पाण्यात बुडून बसलेला, वरून नुसती सिमला मिरची तरंगतेय. मापात चिरलेली, एकसारखी, आणि खायला आंबटढाण. नीट मुरलं नसेल, त्याने स्वतःची समजूत घातली. वाडगा मांडीवर घेऊन तो बसमध्ये बसला. बस प्रत्येक वळणावर हेलकावायची आणि झाकणाच्या कडेने थोडं पाणी त्याच्या इस्तरीच्या पँटवर यायचं.

"काय मिलीमीटर, लोणच्याच्या बरणीत पडलास की काय?" फोरमनने दारातच विचारलं, आणि सगळे हसले. तोही हसला. हसण्यावारी गेलं हे बरंच झालं.

फोरमनच्या बायकोने, सगळ्यांच्या वहिनींनी, वाडगा हातातून घेतला, झाकण उचलून आत पाहिलं आणि पुन्हा लावलं. मग हळूच म्हणाल्या, "भाऊजी, जरा आत येता?"

त्या घरात तो कितीदा आला असेल, पण स्वयंपाकघरात त्याने कधी पाऊल टाकलं नव्हतं. आत दोघी-तिघी बायका होत्या. तो आल्यावर त्या बोलायच्या थांबल्या. वहिनींनी खिळ्यावरची मोठी गाळणी काढून त्याच्या हातात दिली.

"निथळायचं असतं हे," त्या म्हणाल्या. "बसमध्ये सुकू नये म्हणून ती पाण्यासकट आणायची आणि आल्याआल्या या बेसिनमध्ये गाळायची. मग वर कोथिंबीर. तीसुद्धा पर्समधून आणायची, कागदाच्या पुडीत."

"मला माहीत नव्हतं."

"तुम्ही बाहेर असायचात ना."

त्याने गाळणी धरली, वहिनींनी वाडगा कलता केला. पाणी घळाघळा गेलं आणि राजमा, मका, मिरची उजेडात चकचकू लागली. एवढंच तर राहिलं होतं! त्याने एक दाणा तोंडात टाकला. आंबट होताच, पण आता खाण्यासारखा होता. वहिनींनी कोथिंबिरीची जुडी आणि सुरी पुढे केली, आणि तो चिरायला लागला तशा त्या दुसऱ्या बाईला म्हणाल्या, "बघ, हात कसा चालतो. ती दर वेळी म्हणायची ना इथे उभी राहून, चवीचं सोडा, चिरलंय कसं बघा आमच्या ह्यांनी."

सुरी थांबली. घरी तिने हे कधी बोलून दाखवलं नव्हतं. घरी आपलं तेच, माप यांचं, चव माझी. आणि इथे, भिंतीपलीकडे तो दुसऱ्यांदा चहा मागत बसलेला असताना, ती त्याचं कौतुक करत होती. ती गेल्यापासून वाटलं नव्हतं इतकं एकटं त्याला आता वाटलं. ज्यावरून तिला चिडवायचं, जे तिला पुन्हा पुन्हा म्हणायला लावायचं, ते आज हाती आलं होतं आणि ती नव्हती. त्याने मान खाली घालून कोथिंबीर पुरी केली. जरा जास्तच बारीक झाली.

त्या दिवशी मुरलेलं संपलं. चिप्सही संपल्या, मग एकाने उरलेलं ब्रेडवर घेऊन खाल्लं. रिकामा वाडगा वहिनी आत घेऊन गेल्या आणि मिलीमीटरचा जीव भांड्यात पडला. वाडगा इथे राहिला. चार-आठ दिवसांत वहिनी येतील, फोरमनला घेऊन येतील. घरात धड कप नाहीत, एकाचा कान तुटलाय. कप घ्यायला हवेत. निघताना त्याने बूट घाईघाईने चढवले, न जाणो, वाडगा राहिल्याचं कुणाच्या लक्षात यायचं. फाटकापर्यंत पोचलाही.

"भाऊजी! अहो, विसरलात!"

वहिनी धापा टाकत मागे आल्या. वाडगा घासलेला, पुसलेला, वर्तमानपत्रात गुंडाळून कापडी पिशवीत ठेवलेला. "म्हटलं, उगाच तुम्हाला हेलपाटा नको."

त्यांच्या आवाजात माया होती, तीच तर पंचाईत. राहू दे, हे दोन शब्द त्याच्या ओठांवर आले. पण राहू दे म्हणजे काय? एकट्या पुरुषाच्या घरी त्या कशाला येऊन बसतील, आणि बोलतील कुणाशी? त्यांची मैत्रीण तर गेली. "बरं झालं आठवण केलीत," तो म्हणाला आणि पिशवी घेतली.

परतीच्या बसमध्ये वाडगा मांडीवर होता, कोरडा. वाटेत लंबूचा स्टॉप आला. तो अर्धवट उठला आणि पुन्हा बसला. रिकामं भांडं घेऊन कुणाच्या दारात जायचं नसतं.

त्या संध्याकाळी त्याने पुन्हा राजमा भिजत घातला.

या वेळी त्याने साखर वाढवली. रात्रभर नाही, चांगलं दोन रात्री मुरू दिलं. मग पिशवीत वाडगा, चिप्सचा पुडा, घरची गाळणी आणि कागदाच्या पुडीत कोथिंबीर घेऊन तो लंबूच्या दारात उभा राहिला.

दार उघडायला वेळ लागला. लंबू बनियनवर होता, गालफडं बसलेली, आणि उंचीसुद्धा कमी झाल्यासारखी. "तू?" तो म्हणाला. "आज काय आहे?"

"काही नाही. स्वयंपाकघर कुठेय?"

बेसिनमध्ये कालचा एकच कप आणि एकच ताटली होती. ती बाजूला सारून त्याने मुरलेलं निथळलं आणि वर कोथिंबीर घातली. दोघांनी ओट्यापाशी उभ्याउभ्याच खायला सुरुवात केली.

"मिलीमीटर वहिनींसारखं नाही झालं," लंबू म्हणाला.

"नाही."

"पण चिरलंय बाकी मापात." त्याने आणखी एक चिप बुडवली. मग वाडग्याकडे बघतच बोलला, "मला नंतर कुणी बोलावलं नाही रे."

"माहितेय. मीपण नाही बोलावलं." यापुढे काय बोलायचं ते त्याने बसमध्ये ठरवून ठेवलं होतं, पण तोंडातून निघालं एवढंच, "चुकलं माझं."

लंबूने शेवटचा राजमासुद्धा बोटाने पुसून खाल्ला. मग मिलीमीटर जायला निघाला, तसा वाडगा उचलून तो नळाकडे वळला. "थांब जरा, विसळून देतो."

"राहू दे." मिलीमीटरचा एक पाय बुटात होता, एक बाहेर. "तू आणून दे."

लंबू ओला हात तसाच धरून उभा राहिला. भांड्याची रीत त्यालाही ठाऊक होती. एके काळी त्याच्याही घरातून भांडी जायची नि यायची. "मला काही करता येत नाही रे," तो म्हणाला. "त्यात घालू काय मी?"

"मग रिकामा आण," मिलीमीटर म्हणाला. "पण आण."