एक थेंब जास्त

ब्युरेटच्या उभ्या काचनळीतून पाण्याच्या नमुन्यात द्रावण थेंबथेंब सोडताना शेवटच्या थेंबानं येणारा गुलाबी रंग इतका फिकट असतो, की फ्लास्कखाली पांढरा कागद ठेवावा लागतो. तो रंग तीस सेकंद टिकला, तरच मोजमाप खरं.

१९९७ साली शारजात, पाणी तपासणाऱ्या आमच्या प्रयोगशाळेत, ओकुदा सर हेच चित्रित करायला आले होते. जपानमध्ये त्यांनी दोन सिनेमे लिहून दिग्दर्शित केले होते. आता आमच्या कंपनीसाठी ट्रेनिंगच्या फिल्म करायचे. पंप, पाइप, गाळण्या. तिसऱ्या सिनेमाची पटकथा चौदा वर्षं त्यांच्या बॅगेत होती, शेवटाविना.

ऑफिसातला वसईचा स्टॅनली त्यांचा नवा करार घेऊन दारात उभा होता. "यल्ला सर, चला, सही करा. फक्त दोन वर्षं. तिसरी फेरी आहे माझी, बूट झिजले."

"शॉटनंतर," सर म्हणाले.

पण कॅमेऱ्यात रंग दिसेना. सहा वेळा केलं. सातव्यांदा मी हळूच एक थेंब जास्त सोडला. फ्लास्क गडद गुलाबी झाला.

"झकास!" स्टॅनली म्हणाला. "प्रज्ञा मॅडम, हिंदी पिक्चरवाले न्यायला येतील तुम्हाला."

सरांनी वाकून ब्युरेटवरचा आकडा पाहिला. "हा थेंब कुणासाठी?"

"कॅमेऱ्यासाठी." माझे कान तापले.

ते रागावले नाहीत. स्टुलावर बसले. "माझ्या दुसऱ्या सिनेमाच्या शेवटी एक आई नुसती भांडी घासते, असं मी लिहिलं होतं. निर्माता म्हणाला, तिला रडव. मी रडवलं. सिनेमा खूप चालला. तेव्हापासून मला शेवट लिहिता येत नाही."

मग त्यांनी दिवा फ्लास्कच्या मागे सरकवला. "पुन्हा. खरं तेवढंच."

मी थेंब सोडला. त्यांनी स्टॉपवॉच दाबलं. हल्ली हे काम मशीन करतं, पडद्यावर आकडा येतो. तरी मी मनात तीस मोजतेच. तेव्हा आम्ही तिघंही मोजत होतो. स्टॅनलीचेसुद्धा ओठ हलत होते.

तीस झाले. रंग टिकला होता, आणि कॅमेऱ्यात दिसत होता.

स्टॅनलीनं पेन पुढे केलं. सरांनी ते घेतलं, त्याच्याच खिशाला नीट अडकवलं आणि म्हणाले, "सही करणार नाही. मी परत जातोय, सिनेमा पुरा करायला."